जबानी आणि कागद : वनजिल्ह्यातल्या न्यायाधीशाची कारकीर्द



ज्या वकिलांच्या स्मृतीसाठी ही व्याख्यानमाला चालते, त्यांनी आपली सारी वकिली जिल्हा न्यायालयात केली. त्यामुळे आजचा विषय निवडताना मी सर्वोच्च न्यायालयाकडे पाहिलं नाही, उच्च न्यायालयाकडेही नाही. आपल्याकडे न्यायमूर्तींची चरित्रं लिहिली जातात, त्यांच्या नावाने रस्ते आणि सभागृहं होतात. महादेव गोविंद रानड्यांचं नाव शाळेतल्या पोरालाही ठाऊक असतं. पण चंद्रपूरला तीन वर्षं सत्र न्यायाधीश म्हणून राहून गेलेल्या एका तरी माणसाचं नाव या सभागृहात कुणी सांगू शकेल का? वकील मंडळींनी क्षणभर गप्प राहावं. मी बाकीच्यांना विचारतो आहे.

नाही ना सांगता येत? आणि तरीही चंद्रपूर आणि गडचिरोली या दोन जिल्ह्यांतल्या सामान्य माणसाचा न्यायव्यवस्थेशी जो काही संबंध येतो, तो याच माणसाशी येतो. देशातल्या जिल्हा आणि तालुका न्यायालयांत आज चार कोटींहून अधिक प्रकरणं पडून आहेत. त्यातली बहुतेक दिल्लीला कधी पोचणार नाहीत, नागपूरलाही पोचणार नाहीत. ती इथे सुरू होतात आणि इथेच संपतात. आज मी बोलणार आहे ते या माणसाबद्दल, त्याच्या कारकिर्दीबद्दल, आणि आपल्या जंगलातल्या जिल्ह्यांनी त्या कारकिर्दीकडून काय मागितलं आणि काय मिळवलं, याबद्दल.

आधी त्याची वाट थोडक्यात सांगतो. कायद्याची पदवी, मग लोकसेवा आयोगाची परीक्षा, मग उत्तनच्या न्यायिक अकादमीतलं प्रशिक्षण. पहिली नेमणूक दिवाणी न्यायाधीश कनिष्ठ स्तर आणि प्रथम वर्ग न्यायदंडाधिकारी म्हणून, बहुधा तालुक्याच्या गावी. सकाळी भावाभावांच्या बांधाचा दावा, दुपारी दारूबंदीची किंवा जंगल खात्याची केस, संध्याकाळी पोलिसांनी आणलेल्या आरोपीची कोठडी. तीन वर्षांपर्यंतची शिक्षा तो देऊ शकतो. पुढे वरिष्ठ स्तर, मुख्य न्यायदंडाधिकारी. मग बढतीने, खात्यांतर्गत परीक्षेने किंवा थेट वकिलीतून आलेला जिल्हा व सत्र न्यायाधीश. तिथे त्याच्या हातात जन्मठेप येते, फाशीही येते. मात्र फाशी उच्च न्यायालयाने कायम केल्याशिवाय अंमलात येत नाही. साधारण तीन वर्षांनी बदली. अहेरीहून अलिबाग, अलिबागहून अकोला. मुलांच्या शाळा बदलतात, सामान बांधलेलंच असतं. साठीला निवृत्ती. थोड्यांना उच्च न्यायालयात जागा मिळते, तीही बहुधा अशा वयात की तिथे फार वर्षं उरत नाहीत.

एवढीच कारकीर्द. सरकारी नोकरीतल्या कुठल्याही माणसाची असावी तशी. मग तिच्यात विशेष काय आहे?

विशेष हे आहे की साक्षीदाराला पाहणारा हा एकच न्यायाधीश असतो. बाकी सगळे कागद वाचतात. साक्षीदार पिंजऱ्यात उभा राहिला, त्याचा हात कापत होता का, प्रश्न विचारल्यावर त्याने कोपऱ्यात बसलेल्या जमादाराकडे पाहिलं का, 'हो' म्हणण्याआधी तो किती वेळ थांबला, हे सत्र न्यायाधीशाला दिसतं. नागपूरच्या न्यायमूर्तींना दिसत नाही. दिल्लीच्या तर नाहीच नाही. १९३४ साली प्रिव्ही कौन्सिलने सांगून ठेवलं की साक्षीदाराच्या विश्वासार्हतेबद्दल खटला चालवणाऱ्या न्यायाधीशाचं जे मत झालं, त्याला अपिलात योग्य तो मान दिला पाहिजे. का? कारण त्याने माणूस पाहिला आहे. आजही आपली अपिलं याच तत्त्वावर चालतात. आणि जे त्याने टिपून घेतलं नाही, जे त्याने विचारलं नाही, ते वर कधीच पोचत नाही. खटल्याचा कागद तयार होतो तो इथे, एकदाच.

आता या जिल्ह्याच्या इतिहासात हा माणूस आला कधी, ते पाहू.

१८५८ साली चांद्याच्या, म्हणजे आजच्या चंद्रपूरच्या, तुरुंगात बाबुराव शेडमाक्यांना फाशी झाली. मोलमपल्लीचे जमीनदार, इंग्रजांविरुद्ध गोंड-माडियांची फौज उभी करणारे पंचवीस वर्षांचे तरुण. २१ ऑक्टोबरचा तो दिवस आपण दरवर्षी पाळतो, म्हणून तपशील सांगत बसत नाही. मला एकाच गोष्टीकडे तुमचं लक्ष वेधायचं आहे. त्यांच्यावर फौज पाठवणारा चांद्याचा अधिकारी कॅप्टन क्रिक्टन, आणि त्यांना शिक्षा सुनावणाराही कॅप्टन क्रिक्टन. पकडणारा तोच, न्याय करणारा तोच. तिथे न्यायाधीश नव्हता. जिल्ह्याचा साहेब होता, आणि त्याच्या अनेक कामांपैकी न्याय हे एक काम होतं.

ही पद्धत शेडमाक्यांबरोबर संपली नाही. मध्य प्रांतात डेप्युटी कमिशनर हा वसुलीचाही साहेब आणि फौजदारीचाही साहेब, असं पुढे किती तरी दशकं चाललं. संविधानाच्या ५० व्या अनुच्छेदाने राज्याला सांगितलं की न्यायाचं काम कारभाऱ्यांपासून वेगळं करा. ते देशभर एकसारखं झालं ते नव्या फौजदारी प्रक्रिया संहितेने, १ एप्रिल १९७४ पासून. शेडमाक्यांच्या फाशीनंतर ११५ वर्षांनी. तारीख लक्षात ठेवा, कारण पुढचा खटला तिला अगदी लागून आहे.

२६ मार्च १९७२ ची रात्र. देसाईगंज, म्हणजे आपलं वडसा. तेव्हा ते चंद्रपूर जिल्ह्यात होतं, गडचिरोली वेगळा जिल्हा झाला तो २६ ऑगस्ट १९८२ ला. वडशाच्या पोलीस ठाण्यात एका अनाथ आदिवासी मुलीला भावाच्या तक्रारीवरून आणलं होतं. ती कुणाच्या तरी घरी कामाला जात होती, त्या घरातल्या नातेवाईक तरुणाशी तिचं लग्न करायचं ठरत होतं, भावाला ते मान्य नव्हतं. जबान्या झाल्या, सगळ्यांना घरी जायला सांगितलं, आणि तिला एकटीला मागे थांबवलं. बाहेर तिची माणसं उभी. आत दोन पोलीस. पुढे काय झालं, याची तक्रार तिने त्याच रात्री केली. त्या मुलीच्या नावाने तो खटला जगभर ओळखला जातो. मी ते नाव घेणार नाही. कारण पीडितेचं नाव छापू नये, हा कायदाच मुळी या खटल्यामुळे झाला.

डॉक्टरांनी तपासलं तेव्हा वय चौदा ते सोळाच्या दरम्यान असावं असा अंदाज दिला. जन्माची नोंद कुठली असणार? अंगावर जखमा नव्हत्या. खटला चंद्रपूरच्या सत्र न्यायालयात चालला आणि १ जून १९७४ ला निकाल लागला. दोघेही पोलीस निर्दोष. न्यायाधीशांनी मुलगी खोटं बोलते असं ठरवलं. तिला आधीपासून शरीरसंबंधाची सवय होती असं नोंदवलं. घडलं ते तिच्या मर्जीने घडलं असेल, असा निष्कर्ष काढला.

उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने १२ ऑक्टोबर १९७६ ला तो निकाल फिरवला. मुकाट सोसणं आणि संमती देणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, असं खंडपीठ म्हणालं. अनोळखी पोलीस, त्यांचं ठाणं, रात्रीची वेळ, तिथे या मुलीने प्रतिकार केला नाही म्हणजे तिची मर्जी होती असं कसं म्हणता येईल? एकाला पाच वर्षं, दुसऱ्याला एक वर्ष सक्तमजुरी दिली. आणि १५ सप्टेंबर १९७८ ला सर्वोच्च न्यायालयाने दोघांनाही पुन्हा सोडलं. जखम नाही, आरडाओरडा नाही, म्हणून.

पुढची गोष्ट पुष्कळांना माहीत आहे. सप्टेंबर १९७९ मध्ये उपेंद्र बक्षी, लतिका सरकार, रघुनाथ केळकर आणि वसुधा धागमवार या चार प्राध्यापकांनी सरन्यायाधीशांना जाहीर पत्र लिहिलं. देशभर स्त्रिया रस्त्यावर आल्या. १९८३ साली कायदा बदलला. पोलीस कोठडीतल्या बलात्काराचा वेगळा आणि कडक गुन्हा झाला. अशा खटल्यात संबंध झाल्याचं सिद्ध झालं आणि स्त्रीने संमती नव्हती असं सांगितलं, तर संमती नव्हती असंच न्यायालयाने धरायचं, हे ठरलं. सुनावणी बंद दाराआड घ्यायची, नाव छापायचं नाही, हेही तेव्हाच आलं. वडशाच्या एका ठाण्यातल्या रात्रीने साऱ्या देशाचा कायदा हलवला. या दोन जिल्ह्यांनी भारताच्या कायद्याला दिलेलं हे सगळ्यात मोठं, आणि एका मुलीला फार महाग पडलेलं योगदान आहे.

पण मी आत्ताच काय म्हणालो? साक्षीदाराला पाहणारा न्यायाधीश एकच, बाकीचे कागद वाचतात. मग इथे काय झालं? ज्याने त्या मुलीला समोर उभी पाहिली, त्याला ती खोटारडी वाटली. ज्यांनी तिला कधीच पाहिली नाही, त्या नागपूरच्या न्यायमूर्तींना कागदावरून तिची अवस्था कळली. म्हणजे माझं म्हणणं कोसळलं का?

या प्रश्नावर मी पुष्कळ विचार केला आहे, आणि माझं उत्तर असं आहे. नुसतं पाहणं पुरेसं नसतं. पाहिलेलं ओळखता यावं लागतं. मजुरी करणारी, आईबाप नसलेली, शाळा न पाहिलेली आदिवासी मुलगी खाकी कपड्यांसमोर कशी उभी राहते, तिला काय बोलता येतं आणि काय बोलणं शक्यच नसतं, हे ज्याला ठाऊक नाही, त्याला तिचं गप्प राहणं दिसतं आणि त्याचा अर्थ उलटा लागतो. पिंजऱ्यातही ती गप्प राहिली असेल, अडखळली असेल, एकच गोष्ट दोनदा वेगळी सांगितली असेल. शहरात वाढलेल्या, इंग्रजी कायद्यावर पोसलेल्या मनाला अडखळणं म्हणजे लबाडी वाटते. जंगलाकाठच्या गावात राहिलेल्याला ती भीती म्हणून कळते.

आणि इथे आपण त्या न्यायाधीशाच्या कारकिर्दीकडे पुन्हा येतो. तीन वर्षांसाठी आलेल्या माणसाला हे कळणार कधी? पहिलं वर्ष जिल्हा समजण्यात जातं. दुसऱ्या वर्षी तो थोडा रुळतो. तिसऱ्या वर्षी बदलीचे वेध लागतात. एक गोष्ट उघडपणे बोलायला हवी. गडचिरोलीची बदली ही अजूनही नोकरशाहीत शिक्षा म्हणूनच पाहिली जाते. शिक्षा म्हणून आलेला माणूस इथल्या माणसाची बोली शिकेल का? मोहफुलाच्या दिवसांत गाव रिकामं का असतं, तेंदूपानाच्या हंगामात साक्षीदार पेशीला का येत नाही, हे तो कुणाला विचारेल का? की पकड वॉरंट काढून मोकळा होईल?

अमेरिकेत याच्या उलट टोकाची व्यवस्था आहे. तिथला संघीय जिल्हा न्यायाधीश राष्ट्राध्यक्ष नेमतात, सिनेट मंजुरी देते, आणि तो आयुष्यभरासाठी असतो. त्याची बदली होत नाही. एकाच न्यायालयात तो म्हातारा होतो. फ्रँक जॉन्सन नावाचे न्यायाधीश १९५५ मध्ये अलाबामातल्या मॉन्टगोमेरीला आले ते १९७९ पर्यंत तिथेच राहिले, चोवीस वर्षं. ते त्याच राज्यातले. १९५६ मध्ये तिथल्या बसमधला वर्णभेद घटनाविरोधी ठरवणाऱ्या तीन न्यायाधीशांच्या पीठावर ते होते. १९६५ मध्ये मार्टिन ल्यूथर किंगच्या सेल्मा ते मॉन्टगोमेरी मोर्चाला परवानगी देणारा आदेश त्यांचाच. आपल्याच शेजाऱ्यांनी त्यांच्याकडे पाठ फिरवली. १९६७ मध्ये त्यांच्या आईच्या घरावर बाँब टाकला गेला. तरीही त्यांना कुणी हलवू शकलं नाही, कारण हलवण्याची सोयच नव्हती.

पण श्रोतेहो, ही गोष्ट अर्धवट सांगून मी तुमची दिशाभूल करणार नाही. शेजारच्या मिसिसिपीत विल्यम हॅरॉल्ड कॉक्स नावाचे न्यायाधीश होते. तेही तिथलेच, तेही आयुष्यभरासाठी नेमलेले, आणि कृष्णवर्णीयांच्या हक्कांना त्यांनी वर्षानुवर्षं अडवून धरलं. तेव्हा एकाच जागी राहणं हे सगळ्यावरचं औषध नाही. जागेशी जोडलेला माणूस त्या जागेच्या पूर्वग्रहांशीही जोडलेला असू शकतो. आपल्याकडची बदलीची पद्धत याच भीतीतून आली, आणि ती भीती खोटी नाही. माझा आग्रह एवढाच की बदली अशी व्हावी की इथे येणाऱ्याने काहीतरी शिकून, काहीतरी सोपवून जावं. आज येणारा प्रत्येकजण कोऱ्या पाटीने येतो.

सगळ्यात कोरी असते ती भाषेची पाटी.

गडचिरोली जिल्ह्याचं क्षेत्रफळ १४,४१२ चौरस किलोमीटर. २०११ च्या जनगणनेत लोकसंख्या पावणेअकरा लाखांच्या आसपास, त्यात शंभरात जवळजवळ ३९ जण आदिवासी. उत्तरेला झाडीबोली, कोरची-धानोऱ्याकडे गोंडी आणि छत्तीसगढी, भामरागड-एटापल्लीत माडिया, सिरोंच्याला तेलुगू, मुलचेऱ्याच्या वस्त्यांत बंगाली. एका जिल्ह्यात किती भाषा! आणि न्यायालयाची भाषा कोणती? २१ जुलै १९९८ च्या अधिसूचनेने जिल्हा आणि तालुका न्यायालयांची भाषा मराठी झाली. आपण मराठी माणसांनी त्याचं स्वागत केलं, आणि ते योग्यच होतं. आपला निकाल आपल्या भाषेत असावा यासाठी आपण लढलो. पण भामरागडच्या आजोबांना मराठी निकाल तितकाच परका, जितका आपल्याला इंग्रजी.

कायद्यात सोय नाही असं नाही. आरोपीला न कळणाऱ्या भाषेत साक्ष झाली तर ती त्याला कळणाऱ्या भाषेत भर न्यायालयात समजावून सांगितलीच पाहिजे, असं कायदा म्हणतो. आता मला सांगा, माडिया भाषेतून मराठीत, आणि तेही उलटतपासणीच्या वेगाने, कोण सांगणार? पुष्कळदा ज्याला थोडंफार येतं असा जो आवारात सापडेल तो उभा राहतो. कधी पट्टेवाला, कधी दुसऱ्याच केससाठी आलेला गावकरी. त्याला कुणी शिकवलेलं नसतं की विचारलं तेवढंच सांगायचं, आपल्या पदरचं घालायचं नाही. वकील विचारतो, "किती वाजले होते?" साक्षीदार सूर्य कुठे होता ते हाताने दाखवतो. दुभाषी म्हणतो, "चार वाजता." कागदावर येतं, चार वाजता. दुसऱ्या साक्षीदाराच्या हातवाऱ्याचे पाच वाजतात. आणि अपिलात मोठमोठे वकील या एका तासाच्या तफावतीवर अर्धा दिवस बोलतात.

हातवारा कागदावर कुणी लिहिला? न्यायाधीशाला तो अधिकार आहे. साक्षीदाराच्या वागण्याबद्दल महत्त्वाचं वाटेल ते नोंदवायचं, हे तर कायद्याने सांगितलेलं कर्तव्यच आहे. न्यायाधीशाला कुठलाही प्रश्न, कुठल्याही वेळी, कुठल्याही साक्षीदाराला विचारता येतो. जुन्या पुरावा कायद्यात तो अधिकार १६५ व्या कलमात होता. नव्या अधिनियमातही तो आहे. आपल्याकडच्या न्यायाधीशाच्या हातातलं हे सगळ्यात मोठं साधन आहे, आणि ते सगळ्यात कमी वापरलं जातं. २००४ मध्ये गुजरातच्या बेस्ट बेकरी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने कडक शब्दांत सांगितलं की न्यायाधीशाने मुका प्रेक्षक होऊन बसायचं नसतं. तो खटला मुंबईत नव्याने चालला, न्यायाधीश अभय ठिपसे यांच्यापुढे, आणि २४ फेब्रुवारी २००६ ला १७ पैकी नऊ जणांना जन्मठेप झाली, आठ सुटले. पुढे उच्च न्यायालयाने त्या नवांपैकीही पाच सोडले. मला कौतुक आहे ते याचं की साक्षीदार फितूर होत असताना, साऱ्या देशाचे डोळे लागलेले असताना, प्रत्येक आरोपीचा पुरावा वेगळा तोलला गेला. ठिपसे दंडाधिकाऱ्यापासून वर आले होते. पायरी पायरी चढलेल्या माणसाचं ते काम होतं.

आता गडचिरोलीच्या सत्र न्यायालयातल्या एका अलीकडच्या खटल्याबद्दल बोलतो. या सभागृहात त्याबद्दल दोन मतं असणार, हे मला ठाऊक आहे. नक्षली हिंसेत घरचं माणूस गमावलेले लोकही आज इथे असतील. त्यांच्या दुःखाचा मान ठेवूनच मी बोलतो.

७ मार्च २०१७. सत्र न्यायाधीश सूर्यकांत शिंदे यांनी दिल्लीचे प्राध्यापक जी. एन. साईबाबा आणि इतर पाच जणांना माओवादी संघटनेशी संबंधांवरून दोषी ठरवलं. पाच जणांना जन्मठेप, एकाला दहा वर्षं. निकालपत्र ८२७ पानांचं. या प्रदेशाचा विकास हिंसेमुळे खुंटला, असं त्यात लिहिलं होतं. ते वाक्य लिहिणाऱ्याला इथली परिस्थिती दिसत होती, यात शंका नाही.

पण ज्या कायद्याखाली हे आरोप होते, त्याखाली खटला चालवायला सरकारची मंजुरी लागते, आणि ती न्यायालयाने प्रकरणाची दखल घेण्याआधी लागते. साईबाबांविरुद्ध दोषारोप ठेवले गेले २१ फेब्रुवारी २०१५ ला. त्यांच्यापुरती मंजुरी आली ६ एप्रिल २०१५ ला. दीड महिना उशिरा. पहिल्या दिवशी एक प्रश्न विचारायचा होता, "मंजुरी कुठे आहे?" तो विचारला गेला नाही. उच्च न्यायालयाने १४ ऑक्टोबर २०२२ ला याच मुद्द्यावर सगळ्यांना सोडलं. दुसऱ्याच दिवशी, शनिवारी, सर्वोच्च न्यायालयाने खास बैठक घेऊन त्याला स्थगिती दिली. एप्रिल २०२३ मध्ये प्रकरण पुन्हा नागपूरला आलं. ५ मार्च २०२४ ला नव्या पीठाने मंजुरी तर अवैध ठरवलीच, शिवाय जप्ती आणि पुरावाही सिद्ध झालेला नाही असं सांगून सगळ्यांना निर्दोष सोडलं. घरझडतीचा एक पंच लिहिता-वाचता न येणारा होता. तपास अधिकाऱ्याच्या कामाची ही तऱ्हा, आणि तिला वेळीच कुणी आवर घातला नाही.

या सगळ्यात काळ किती गेला पाहा. व्हीलचेअरवर असलेले साईबाबा मे २०१४ मध्ये अटकेत गेले, आणि सुटल्यावर सात महिन्यांत, १२ ऑक्टोबर २०२४ ला वारले. याच खटल्यातले गडचिरोलीचे आदिवासी तरुण पांडू नरोटे ऑगस्ट २०२२ मध्ये नागपूरच्या कारागृहात असतानाच गेले. निर्दोष ठरल्याचं त्यांना कळलंच नाही. आणि दुसरीकडे, हिंसेचा हिशोब मागणाऱ्यांच्या हातात काय पडलं? कोसळलेला खटला. कच्च्या कागदावर उभी केलेली शिक्षा आरोपीलाही न्याय देत नाही आणि मेलेल्यांच्या घरच्यांनाही देत नाही.

मी त्या न्यायाधीशांवर ठपका ठेवून मोकळा होणार नाही. गडचिरोलीत न्यायाधीशाचं जगणं कसं असतं, याचा विचार करा. घराबाहेर बंदूकधारी पोलीस. प्रवासात पुढे पोलिसांची गाडी. पावसाळ्यात पर्लकोटा नदीला पूर आला की भामरागड तुटतं, तेव्हा खबर आणणारेही पोलीसच. जे त्याचा जीव राखतात, त्यांनीच आणलेलं दोषारोपपत्र त्याला संशयाने तपासायचं असतं. सकाळी ज्याने सलाम केला, दुपारी त्याची उलटतपासणी ऐकायची आणि गरज पडली तर त्याला खोटा ठरवायचा. नागपूरच्या किंवा पुण्याच्या न्यायाधीशाला हे ओझं वाहावं लागत नाही. वडशाचा खटला आठवा. तिथेही आरोपी पोलीसच होते. १८५८ पासून आपण पकडणारा आणि न्याय करणारा यांना वेगळं करत आलो. कायद्यात ते वेगळे झाले. जंगलातल्या जिल्ह्यात त्यांना रोजच्या जगण्यातही वेगळं ठेवायचं, तर न्यायाधीशाची सुरक्षा आणि राहण्याची व्यवस्था उच्च न्यायालयाच्या हाताखाली असावी, जिल्हा पोलिसांच्या नव्हे. ही मागणी मी आज या व्यासपीठावरून करतो आहे.

न्यायाधीशांची संख्या हा मुद्दा मी लवकर आटोपतो, कारण तो तुम्ही वर्तमानपत्रात वाचलेला आहे. विधी आयोगाने १९८७ मध्ये दर दहा लाख लोकांमागे पन्नास न्यायाधीश हवेत असं सांगितलं, सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये पाच वर्षांत ते करा म्हटलं, आणि आज मंजूर पदंसुद्धा त्याच्या निम्म्याला पोचलेली नाहीत. पण समजा उद्या पन्नास झाले. त्यातला एकही माडिया बोलणारा नसेल, तर सिरोंच्याहून सुमारे २०० किलोमीटर एसटीने गडचिरोलीला आलेल्या साक्षीदाराचा हातवारा कोण वाचणार?

म्हणून शेवटी मी या सभागृहात बसलेल्या तरुण वकिलांशी बोलतो, आणि त्यातही एटापल्ली, भामरागड, कोरची, धानोऱ्याकडून आलेल्या मुलामुलींशी. मे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरवलं की न्यायाधीशाच्या पहिल्या परीक्षेला बसायला आता तीन वर्षांची वकिली हवी. निर्णयामागचा हेतू चांगला आहे. कोर्ट न पाहिलेल्या मुलाने खुर्चीत बसू नये, हे मलाही पटतं. पण तीन वर्षं ज्युनियर म्हणून राहायचं म्हणजे काय, ते इथल्या प्रत्येक वकिलाला माहीत आहे. पहिल्या वर्षी हातात जवळजवळ काहीच पडत नाही. चंद्रपूरला किंवा नागपूरला खोलीचं भाडं, जेवणाचा डबा, काळा कोट, पुस्तकं. ज्याच्या घरी तेंदूपान आणि धानाची एक फसल एवढीच वर्षाची कमाई, त्याने ही तीन वर्षं कशी काढायची? काढता आली नाहीत, तर आपल्याला माडिया बोलणारा न्यायाधीश पुढच्या तीस वर्षांतही मिळणार नाही. मग दुभाषी म्हणून पट्टेवाल्यालाच उभं करत राहावं लागेल.

चंद्रपूर आणि गडचिरोलीच्या दोन्ही वकील संघांना माझी विनंती आहे. दरवर्षी या भागातल्या चार मुलांची तीन वर्षं संघाने पोसावीत. दोन गोंडी किंवा माडिया बोलणारी, दोन इतर. त्यांना ज्येष्ठांच्या कार्यालयात जागा द्यावी, आणि ज्या प्रकरणात त्यांची भाषा लागते त्यात त्यांना शेजारी बसवून शिकवावं. व्याख्यानमालेच्या समितीनेही यात वाटा उचलावा, असं मी अध्यक्षांना आधीच सांगितलं आहे. माझं आजचं मानधन मी त्या कामासाठी कार्यवाहांकडे देत आहे. सभा संपल्यावर बाहेरच्या टेबलावर एक वही ठेवली आहे. ज्यांच्या कार्यालयात एका ज्युनियरला जागा आहे, त्यांनी तिथे नाव लिहून जावं.